दारावरची गुलाबी फीत

परवा आमच्या बिल्डिंगच्या दाराला गुलाबी रिबिनीचं फूल लागलं. इटलीत घरात बाळ आलं की दाराबाहेर असं फूल लावतात. मुलगी झाली तर गुलाबी, मुलगा झाला तर निळं. 'फियोक्को' म्हणतात त्याला. रेज्जो एमिलियातल्या या इमारतीत मी अकरा वर्षं राहतेय, आणि इथे हे फूल पहिल्यांदाच पाहिलं. गेलेल्या माणसांची पत्रकं मात्र कोपऱ्यावरच्या फलकावर नेमाने चिकटत असतात, फोटोसकट. दुसऱ्या मजल्यावरच्या सिन्योरा, वय ८६, काठी टेकत खाली आल्या आणि कितीतरी वेळ त्या फुलाकडे बघत उभ्या राहिल्या.

भारतातून कुणीही आलं की एक वाक्य ठरलेलं असतं. "इटालियन लोक अगदी आपल्यासारखेच ना गं, कुटुंब धरून राहणारे!" पूर्वी मीही मान डोलवायचे. आता नाही डोलवत. १९६४ साली या देशात दहा लाखांवर बाळं जन्मली होती. २०२४ मध्ये साधारण ३ लाख ७० हजार. त्याच वर्षी मृत्यू साडेसहा लाखांच्या घरात. एका बाईमागे सरासरी १.१८ मुलं, तोवरचा नीचांक. शेजारच्या फ्रान्समध्ये, जिथे म्हणे कुटुंबबिटुंब काही राहिलं नाही, तिथे हाच आकडा १.६ आहे.

माझं मत सरळ सांगते. इथे कुटुंब घट्ट आहे म्हणूनच मुलं होत नाहीत. सरकारने सगळं कुटुंबावर सोडलं, आणि कुटुंब म्हणजे शेवटी बाई.

सिन्योरांनी शिवणकाम करत दोन मुलं वाढवली, सासूचं दुखणं काढलं, मग नात सांभाळली. त्यांच्या मुलीला नोकरीला लागतानाच राजीनाम्याच्या कागदावर सही करावी लागली होती, तारखेची जागा कोरी ठेवून. दिवस गेले की मालक तारीख घालायला मोकळा! हा प्रकार इथे इतका बोकाळला होता की शेवटी राजीनामा ऑनलाइनच द्यायचा असा नियम आणावा लागला. त्या मुलीने एकाच लेकीवर थांबायचं ठरवलं. ती लेक आता एकोणतीस वर्षांची आहे, सहा-सहा महिन्यांच्या कंत्राटावर काम करते आणि आईकडेच राहते. २००७ साली इथल्या अर्थमंत्र्यांनी अशा पोरांना 'बाम्बोच्चोनी' म्हणून हिणवलं होतं, म्हणजे घोडे झाले तरी बाळंच. भाडं भरून बघा म्हणावं त्या पगारात.

पाळणाघरांचं काय? आमचं गाव त्याबाबतीत भाग्यवान. पुण्या-मुंबईच्या महागड्या प्ले-स्कूलच्या पत्रकांवर 'रेज्जो एमिलिया पद्धत' छापतात ना, ते हेच गाव. पण देशभराचा हिशोब मांडला तर तीन वर्षांखालच्या शंभर मुलांमागे तीसेक जागा, आणि दक्षिणेत त्याहून कितीतरी कमी. बाकीच्यांना आजी. आजी थकली की 'बादांते', म्हणजे चोवीस तास घरात राहून म्हाताऱ्यांचं करणारी बाई. आमच्या सिन्योरांची बादांते मोल्दोव्हाची आहे. तिचा मुलगा तिकडे त्याच्या आजीपाशी वाढला. इटलीचं घट्ट कुटुंब असं दुसऱ्या कुणाचं तरी कुटुंब उसवून शिवलेलं आहे.

२०२२ मध्ये पोप फ्रान्सिस म्हणाले, लोक मुलांऐवजी कुत्री-मांजरं पाळतात, हा स्वार्थ आहे. त्याच वर्षी सरकारने कुटुंब मंत्रालयाच्या नावात 'जन्मदर' हा शब्द घातला. बापाची सक्तीची रजा मात्र अजून दहाच दिवस.

हां, ते फूल कुणाच्या दाराचं, ते राहिलंच. तळमजल्यावरच्या पंजाबी जोडप्याचं. तो गोठ्यात काम करतो, पहाटे आणि संध्याकाळी गाई पिळतो. ज्या पार्मिजानो चीजवर इटली जीव टाकते, त्याचं दूध अशा कितीतरी पंजाबी हातांतून येतं. हे बाळ इथे जन्मलं, इथल्याच शाळेत जाईल, आमच्या भागातली बोली बोलेल. पण १९९२ च्या कायद्याप्रमाणे केवळ इथे जन्मली म्हणून नागरिकत्व मागायचं, तर तिला अठरा वर्षं थांबावं लागेल. आई-बापाला आधी मिळालं तर गोष्ट वेगळी, आणि त्यांना अर्ज करायलाच दहा वर्षांचं वास्तव्य लागतं. ती दहाची पाच करावी म्हणून जून २०२५ मध्ये सार्वमत झालं. निम्म्याहून जास्त मतदान हवं होतं, झालं तीस टक्क्यांच्या आसपास. पंतप्रधान मेलोनी केंद्रावर गेल्या, पण मतपत्रिका न घेताच परतल्या. आणि याच देशात त्याच वर्षीपर्यंत, पणजोबा इटालियन होते एवढ्या भांडवलावर अर्जेंटिनातला माणूस इटलीत पाऊलही न ठेवता नागरिक होऊ शकत होता.

मुलं नाहीत म्हणून रडायचं आणि जी आहेत ती मोजायची नाहीत, याला काय म्हणावं?

पुढच्या आठवड्यात बाळाच्या निवास परवान्याचे कागद करायला मी त्या दोघांबरोबर जाणार आहे, भाषेची अडचण म्हणून. जिन्यात सिन्योरांना हे सांगितलं. त्यांना वाटलं माझं इटालियन पुन्हा चुकलं. मी परत सांगितलं. तेव्हा म्हणाल्या, "परवाना? पण ती आली कुठून?"