टारझनला कुणी विहिरीत ढकललं नव्हतं

उन्हाळ्याची सुट्टी लागली की मराठवाड्यातल्या गावोगावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक मजकूर फिरायला लागतो. त्याचा मथितार्थ असा: टारझनचं काम करणारा जॉनी वाइसमुलर कुणाकडं शिकला नाही, पाण्यात पडला आणि आपोआप पोहायला लागला. डोकं पाण्याबाहेर ठेवून पोहायचा, म्हणून सगळ्यात वेगवान होता. ऑलिम्पिकची पाच सुवर्णपदकं जिंकली, कधीच हरला नाही, तिथून थेट सिनेमात गेला. तेव्हा लेकराला विहिरीत ढकला, आपोआप येतं!

पाच सुवर्णपदकांचा आकडा बरोबर आहे. बाकीचं अर्धवट नाहीतर चूक, आणि शेवटचं वाक्य जिवावर बेतणारं.

आधी 'कुणाकडं शिकला नाही' हे घेऊ. लहानपणी तो शिकागोजवळ मिशिगन सरोवरात पोहायचा, हे खरं. पण चॅम्पियन घडला तो इलिनॉय ॲथलेटिक क्लबात, विल्यम बॅकरॅक या प्रशिक्षकाच्या हाताखाली. बॅकरॅकनं त्याला लगेच मोठ्या स्पर्धेत उतरवलं नाही. आधी हात, पाय आणि श्वास यांचा मेळ बसवून घेतला, मग १९२१च्या ऑगस्टमध्ये उतरवलं. ९ जुलै १९२२ला त्यानं १०० मीटर फ्रीस्टाइल ५८.६ सेकंदांत मारलं. मिनिटाच्या आत येणारा तो जगातला पहिला. १९२४च्या फेब्रुवारीत ५७.४ सेकंद नोंदवले आणि तो विक्रम दहा वर्षं टिकला. याला आपोआप म्हणत नाहीत.

'कधीच हरला नाही' हेही तसंच. १९२४च्या पॅरिसमध्ये १०० मीटर, ४०० मीटर आणि रिले, १९२८च्या ॲमस्टरडॅममध्ये १०० मीटर आणि रिले, अशी ती पाच सुवर्णं. पण पॅरिसमध्येच वॉटर पोलोत त्याच्या संघाला कांस्य मिळालं, आणि न हरता कांस्य मिळत नाही. सिनेमाचं म्हणाल तर १९२९मध्ये त्यानं पोहण्याचे कपडे बनवणाऱ्या कंपनीशी करार केला, टारझन आला तो १९३२ला. पडद्यावरचा पहिला टारझनही तो नव्हे. १९१८च्या मूकपटात एल्मो लिंकन होता.

आता डोक्याचा मुद्दा, कारण लेकरं हीच नक्कल करतात. वाइसमुलर डोकं आणि छाती उंच ठेवून पोहायचा, यात खोटं काही नाही. पण पाय बुडू नयेत म्हणून मागं पायांचा जोरकस, न थांबणारा मारा असायचा. नवशिक्याकडं तो मारा नसतो. फुफ्फुसांत हवा असल्यानं छाती तरंगते, पाय जड असतात. डोकं वर काढलं की कंबर खाली जाते, शरीर उभं होतं, लेकरू हातांनी पाणी खाली दाबत राहतं, दमतं आणि नाकातोंडात पाणी जातं. ढकललेल्या लेकराचं नेमकं हेच होतं. घाबरून ते पहिल्यांदा डोकंच वर काढतं.

शिकवायचं तर लेकराच्या छातीपर्यंत येईल एवढ्याच पाण्यात. पहिल्यांदा तोंड पाण्यात घालून तीन-चार सेकंद सावकाश बुडबुडे सोडायचे, तोंड बाजूला वळवून झटकन श्वास घ्यायचा. हे जमल्याशिवाय पुढं जाऊ नका. मग काठ धरून तरंगणं, नजर तळाकडं. मग काठाला पाय रेटून हात पुढं ताणून सरळ घसरत जाणं. पायांचा मारा कमरेतून, घोटे सैल. सायकल चालवल्यासारखे गुडघे मुडपले तर लेकरू जागचं हलत नाही. हात सगळ्यात शेवटी.

विहिरीशिवाय इलाज नसेल तर धडधाकट पोहणारा माणूस आधी पाण्यात हवा. तरंगायला पाठीवर रिकामा बंद डबा बांधताना गाठ काखेखाली छातीवर घट्ट घ्यायची. दोर ढिला असला की डबा कमरेवर सरकतो, ढुंगण वर येतं आणि तोंड पाण्यात दाबलं जातं. डब्याचं झाकण आधी बादलीत बुडवून तपासा, बुडबुडे आले तर तो डबा नको. एप्रिल-मेमध्ये पाणी खोल गेलेलं असतं, वर यायची पायरी कुठं आहे ते उतरण्याआधी बघा. वरचं पाणी कोमट लागतं, खालचं गार, त्यानं दम लागतो. पाण्यातल्या मोटारीची लाइन स्टार्टरवर नव्हे, मेन स्विचवरच बंद करा, आणि शेवटचं लेकरू वर येईपर्यंत तिथं एक माणूस उभा ठेवा.