राज्यपालनियुक्त आमदार मुख्यमंत्री? राजाजी झाले होते की!

२०२०च्या एप्रिलमध्ये, मुख्यमंत्री असूनही कुठल्याच सभागृहाचे सदस्य नसलेल्या उद्धव ठाकरेंच्या आमदारकीचा पेच पडला, तेव्हापासून एक मेसेज फिरतोय: राज्यपालनियुक्त आमदाराला मुख्यमंत्री होता येत नाही, घटनेतच बंदी आहे, आजवर असं घडलेलं नाही, शिवाय अशा आमदाराला मतदानाचा हक्क नसतो आणि या जागा राजकारण्यांसाठी नाहीतच. ठाकरेंना शेवटी राज्यपालांनी नेमलं नाही, ते विधान परिषदेवर बिनविरोध निवडून आले. मेसेज मात्र अजून जिवंत आहे.

'घटनेत बंदी आहे.' कलम १६४(४) काढून वाचा. मंत्री सलग सहा महिने विधिमंडळाचा सदस्य नसेल तर मंत्रिपद जातं, एवढंच तिथे आहे. तो निवडून आलेला की नेमलेला, याबद्दल अवाक्षर नाही.

'कधी घडलं नाही.' इथे मेसेज साफ तोंडावर आपटतो. १९५२ साली मद्रास विधानसभेत काँग्रेसला ३७५पैकी १५२ जागा मिळाल्या. बहुमत नाही आणि समोर टी. प्रकाशम विरोधकांची मोट बांधून सरकार बनवायला सज्ज. अशा वेळी काँग्रेसला राजाजी, म्हणजे सी. राजगोपालाचारी आठवले. देशाचे गव्हर्नर जनरल राहिलेल्या या गृहस्थांनी निवडणूकच लढवली नव्हती, आणि आता पोटनिवडणूक लढायचीही तयारी नव्हती. राज्यपाल श्रीप्रकाश यांनी त्यांना विधान परिषदेवर नेमलं आणि एप्रिलमध्ये ते मुख्यमंत्री झाले. हे मागच्या दाराने येणं नेहरूंनाही रुचलं नव्हतं. कम्युनिस्ट नेते पी. राममूर्ती हायकोर्टात गेले, पण त्यांचा अर्ज फेटाळला गेला.

'मतदान नाही.' नियुक्त सदस्य परिषदेत इतरांसारखंच मत देतो. राष्ट्रपतींच्या निवडणुकीत त्याला मत नाही हे खरं, पण ते परिषदेच्या निवडून आलेल्या आमदारालाही नसतं.

'राजकारण्यांसाठी जागा नाहीत.' हा एकच मुद्दा थोडाफार टिकतो. कलम १७१(५)मध्ये साहित्य, विज्ञान, कला, सहकार आणि समाजसेवा ही क्षेत्रं दिली आहेत. पण समाजसेवेच्या खात्यात कोणालाही बसवता येतं, हे सगळ्याच पक्षांना पाठ आहे. २०२४च्या ऑक्टोबरमध्ये विधानसभेची आचारसंहिता लागायच्या काही तास आधी सात जणांनी शपथ घेतली. त्यात चित्रा वाघ, पंकज भुजबळ, हेमंत पाटील होते. साहित्यिक शोधत बसा!

खरा आक्षेप औचित्याचा आहे, आणि तो मांडायला खोटा कायदा लागत नाही. राजाजींची कारकीर्द जेमतेम दोन वर्षांची. अर्धा दिवस शाळा आणि उरलेल्या वेळात बापाचा धंदा, या त्यांच्या शिक्षण योजनेवर गदारोळ उठला आणि एप्रिल १९५४मध्ये ते पायउतार झाले. त्यांच्या जागी आलेले कामराजही तेव्हा विधिमंडळाचे सदस्य नव्हते. नियुक्तीची वाट तर मळलेलीच होती. तरी त्यांनी गुडियात्तमची पोटनिवडणूक लढवली आणि जिंकली.