ओरखडे कोणाचे, बळी कोणामुळे?

पुढची गाडी जरा घुटमळली की मागून हमखास शेरा येतो, "बाईच असणार!" मग ओव्हरटेक करताना मान वळवून खात्रीही केली जाते. बाई निघाली तर "बघ, म्हटलं नव्हतं?" पुरुष निघाला तर तो एकटा येडा ठरतो, "पुरुष असेच चालवतात" असं काही कोणी म्हणत नाही.

जागतिक आरोग्य संघटनेच्या हिशेबाने जगभरात रस्त्यावर वर्षाला सुमारे ११.९ लाख माणसं मरतात, आणि अपघातात मरण्याची शक्यता पुरुषांची बायकांपेक्षा साधारण तिप्पट असते. यावर लगेच उत्तर येतं की पुरुष गाडी चालवतातच जास्त. बरोबर आहे, मुद्दा रास्त आहे. म्हणून किलोमीटरवर हिशेब मांडू. इंग्लंडमधल्या आकड्यांवरचा एक अभ्यास २०२० मध्ये आला. त्यात नुसतं कोण मेलं हे पाहिलं नव्हतं, कोणाच्या गाडीमुळे रस्त्यावरचं दुसरं माणूस मेलं हे पाहिलं होतं. दर किलोमीटरमागे कार चालवणाऱ्या पुरुषांमुळे होणाऱ्या मृत्यूंचं प्रमाण बायकांच्या दुप्पट निघालं. मोटरसायकलवर तर दहापटीहून जास्त!

मग बायकांची ती बदनामी आली कुठून? किरकोळ ठोकाठोकीत हा फरक जवळजवळ उरत नाही, काही हिशेबांत बायकांचाच आकडा वर जातो. त्यातही एक गंमत आहे. कमी गाडी चालवणारं कोणीही घ्या, त्याचे दर किलोमीटरमागचे अपघात जास्तच दिसतात, कारण त्याचे बहुतेक किलोमीटर गर्दीत आणि सिग्नलवर जातात. हायवेचे मोकळे किलोमीटर त्याच्या खात्यात पडतच नाहीत. पण चेपलेला बंपर सगळ्यांना दिसतो, त्यावर हसता येतं. पुरुषाच्या वेगाने जीव गेला की त्याला आपण नशीब म्हणतो.

"हात साफ आहे त्याचा" हे आपल्याकडचं मोठं प्रशस्तिपत्र. माझं म्हणणं असं की माणसं मरतात ती हात कच्चा असल्यामुळे कमी आणि डोक्यातल्या मस्तीमुळे जास्त. वेग, दारू, न लावलेला बेल्ट, "निघेल रे" म्हणत घुसवलेली गाडी. वेग दुप्पट झाला की धडकेची ऊर्जा चौपट होते, तिथे साफ हाताला कोण विचारतं? विमा कंपन्यांना हे कधीच कळलं होतं. युरोपात तरुण मुलींना हप्ता कमी असायचा. या कंपन्या काही स्त्रीवादी नव्हत्या, त्यांना आपल्या पैशाशी मतलब. युरोपीय न्यायालयाने २०११ मध्ये हा भेद बेकायदा ठरवला आणि डिसेंबर २०१२ पासून तो बंद झाला. तत्त्व म्हणून ठीकच, पण त्याने हिशेब खोटा ठरत नाही.

बाई गाडी पार्क करायला लागली की कुठूनतरी तीन पुरुष उगवतात. एक म्हणतो "येऊ द्या, येऊ द्या," दुसरा "कापा, अजून कापा," तिसरा नुसताच बॉनेटवर थापा मारतो. अशात कोणाचाही क्लच सुटेल. ऑस्ट्रेलियात २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात काही बायकांना सिम्युलेटरवर, म्हणजे पडद्यावर रस्ता दाखवणाऱ्या नकली गाडीत, बसवण्याआधी "बायका गाडी वाईट चालवतात" या समजाची आठवण करून दिली होती. रस्त्यात अचानक आलेल्या पादचाऱ्याला धडकण्याचं प्रमाण त्यांच्यात इतर बायकांच्या दुपटीहून जास्त निघालं.

मला खरा राग येतो तो पुढच्या गोष्टीचा. अमेरिकेतल्या २०१३ च्या एका सरकारी अहवालानुसार, सारख्याच धडकेत त्याच वयाच्या पुरुषापेक्षा बाई मरण्याचा धोका सरासरी १७ टक्के जास्त होता. नव्या गाड्यांत हे अंतर बरंच घटलंय. शिवाय एकूण अपघातांत बायकांना होणाऱ्या इजांमागे त्यांच्या गाड्या बहुधा लहान आणि हलक्या असतात, हेही एक कारण आहे. तरी गाड्यांच्या धडक-चाचणीत माणसाच्या जागी बसवतात तो नेहमीचा पुतळा १७५ सेंटीमीटर, ७८ किलोचा पुरुष, १९७० च्या दशकातल्या घडणीचा. 'बाई' म्हणून जो वापरतात तो जेमतेम १५० सेंटीमीटर, ४९ किलोचा, म्हणजे जवळपास त्याच पुरुषाची छोटी आवृत्ती. सर्वसाधारण बाईच्या अंगकाठीचा, मागून बसणाऱ्या धडकेसाठीचा पुतळा स्वीडनमध्ये ॲस्ट्रिड लिंडर यांच्या चमूने २०२२ मध्ये दाखवला. इतकी वर्षं लागली!

तेव्हा गाडी घेताना, जी बाई ती चालवणार आहे तिनेच सीटवर बसून बघावं. बेल्ट मानेवर येतोय की खांद्यावर, त्याची उंची खालीवर होते का, पाय पेडलवर नीट पोचल्यावर छाती आणि स्टिअरिंगमध्ये किमान २५ सेंटीमीटर उरतात का. सेल्समन सनरूफ दाखवत असेल तर त्याला म्हणावं, थांब जरा.