इडा कामिन्स्का 'एका सिनेमाची आजी' नव्हत्या

अभिनेत्री इडा कामिन्स्का यांच्याबद्दल एक गोष्ट फार फिरते. चेकोस्लोव्हाकियातली कुणी आजी म्हातारपणी पहिल्यांदा पडद्यावर आली, ६७व्या वर्षी थेट ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचली आणि मग नशीब काढायला अमेरिकेला गेली. ऐकायला छान वाटतं. पण त्यात नामांकन आणि वय एवढंच खरं आहे, आणि उरलेल्यामुळे एका बाईचं अख्खं आयुष्य पुसलं जातं.

आधी देश. 'द शॉप ऑन मेन स्ट्रीट' (१९६५) हा यान कादार आणि एल्मार क्लोस यांचा चित्रपट चेकोस्लोव्हाकियाचा. कामिन्स्का मात्र पोलंडच्या. जन्म १८९९चा, ओडेसातला. आई एस्तेर राखेल ही यिडिश, म्हणजे पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या भाषेतल्या, रंगभूमीची 'आई' म्हणून ओळखली जायची. मुलगी लहानपणीच रंगमंचावर उभी राहिली. पडदाही नवा नव्हता: मूकपटांत कामं झाली होती, १९३९च्या एका यिडिश बोलपटातही.

आणि मधली वर्षं? ती तर कुणी सांगतच नाही. १९३९मध्ये नाझी जर्मनीने पोलंडवर हल्ला केल्यावर त्या ल्विव्हला निसटल्या, तिथून पुढे किर्गिझस्तानात फ्रुन्झेला. युद्धानंतर परतल्या तेव्हा पोलंडमधल्या ३० लाखांहून जास्त ज्यूंपैकी दहातले नऊ मारले गेले होते. म्हणजे त्यांचा प्रेक्षकच संपवला होता. तरी त्यांनी यिडिश नाटक पुन्हा उभं केलं: आधी वूच आणि व्रोत्सवाफ, १९५५पासून वॉर्सा. भूमिका, दिग्दर्शन, संस्थेचा कारभार, सगळं अंगावर घेतलं. १९५७मध्ये जर्मन नाटककार ब्रेख्तचं 'मदर करेज' हे नाटक बसवलं आणि त्यातली मदर करेजही स्वतःच केली. प्रेक्षागृहात यिडिश न कळणारे पोलिश लोक कानाला हेडफोन लावून भाषांतर ऐकत बसायचे.

हे माहीत असेल तर चित्रपट वेगळा दिसतो. त्यात त्यांची भूमिका: बटणांच्या दुकानातली बहिरी, ज्यू लाउटमान बाई. फळीवरची खोकी बहुतेक रिकामी. दुकान बळकावायला नाझींच्या बाजूच्या स्लोव्हाक सरकारने नेमलेला माणूस तिला मदतनीस वाटतो, आणि ती त्याची मायेने काळजी घेते. शेवटी चौकात ज्यूंना गोळा करताना पाहून तिला उमगतं आणि तिच्या तोंडून एकच शब्द येतो: पोग्रोम, म्हणजे ज्यूंवरचा जमावाचा हिंसक हल्ला. तो एक शब्द तसा उच्चारायला आयुष्यभराची रंगभूमी पाठीशी लागते.

राहिली अमेरिका. १९६७च्या समारंभात ऑस्कर एलिझाबेथ टेलरला मिळालं आणि कामिन्स्का वॉर्सातल्या आपल्या कामाला लागल्या. मार्च १९६८पासून पोलंडच्या सरकारने ज्यूंविरुद्ध मोहीम उघडली. पुढच्या काही वर्षांत जवळपास १३,००० माणसं देश सोडून गेली. धारक पोलंडचा नागरिक नाही असं लिहिलेला कागद त्यांच्या हातात दिला जायचा. कामिन्स्काही १९६८मध्येच गेल्या, आधी इस्रायल, मग न्यूयॉर्क. याला नशीब काढायला जाणं म्हणतात का? न्यूयॉर्कमध्ये त्यांनी पुन्हा यिडिश थिएटर उभं करायचा प्रयत्न केला, पण ते रुजलं नाही. १९८०मध्ये तिथेच त्या गेल्या.

वॉर्सातलं ते थिएटर आजही चालतं. त्याला आई आणि मुलगी, दोघींचं नाव आहे.