सव्वा मूठ गहू

आमच्या भाऊबंदांच्या ग्रुपवर आठवडाभर एकच वाद पेटलाय. अमळनेरकडच्या, आमच्याच गोतातल्या एका चित्रकार मुलीनं पुण्यात प्रदर्शन मांडलं. आजीच्या गोधड्यांवर घरातल्या बायांचे जुने फोटो छापलेले, कानावर जात्याची घरघर, पडद्यावर आपल्या खानदेशातल्या कानबाई देवीच्या विसर्जनातली फुगडी आणि जमिनीवर गव्हाच्या मुठी. कानबाईच्या रोटांसाठी, म्हणजे प्रसादाच्या जाड पोळ्यांसाठी, आपल्याकडे घरातल्या प्रत्येक पुरुषामागे सव्वा मूठ गहू घेतात. हिनं त्या मुठी आजी, आई, आत्या, बहिणी यांच्या नावानं मांडल्या. झालं! 'हाई काय चित्र शे का?' इथून सुरुवात झाली आणि गाडी 'देवीचा बाजार मांडला' इथवर गेली.

कधी फोटो, कधी शिवण, कधी व्हिडिओ, म्हणजे धड एकही येत नाही, असं म्हणणारे आमचे दादा चाळीसगावचे. केकी मूस यांच्या गावचे! इंग्लंडला शिकून आलेला तो माणूस स्टेशनजवळच्या घरात वर्षानुवर्षं स्वतःला कोंडून फोटो, चित्रं, शिल्पं, लाकडातलं कोरीवकाम असं सगळं करत राहिला आणि १९८९ साली तिथेच गेला. त्यांचं नाव पाहुण्यांना अभिमानानं सांगता, मग या पोरीनंच एका चौकटीत का बसावं?

राहिले गहू. २०१० साली लंडनच्या टेट मॉडर्न या कलासंग्रहालयात आय वेवे या चिनी कलाकारानं चिनी मातीच्या दहा कोटी सूर्यफुलाच्या बिया जमिनीवर पसरल्या होत्या. ज्युबिली लाइनच्या मेट्रोनं जाऊन मी त्या पाहिल्या. माणसं लेकरांना घेऊन उभी होती, बघत होती. इथे, मी राहतो त्या लंडनमध्ये, आधी बघतात, मग बोलतात. आपल्याकडे मोबाइलवर आलेल्या एका फोटोवरून निकाल लागतो. प्रदर्शनाला गेलेला ग्रुपमध्ये एकही नाही.

'तिकडे बसून आम्हाला शिकवू नको,' असं चुलतभावानं सुनावलं. का नाही बोलायचं? त्या गव्हात माझाही हिशोब आहे. ब्रिटिश पासपोर्ट घेतला तेव्हा माझं भारताचं नागरिकत्व गेलं, पण श्रावणात धुळ्याच्या घरी काकू माझ्या नावाचे गहू अजून घेते. रोट भाऊबंदांनीच खायचे, म्हणून माझ्या वाटचे तिथलेच कोणीतरी संपवतात. तरी परक्या गावात म्हातारा होताना आपण कुठेतरी मोजले जातो, यावर मी किती तगून आहे ते या मंडळींना कळायचं नाही. इथेच लंडनच्या हॅरोत जन्मलेली माझी मुलगी दरवर्षी व्हिडिओ कॉलवर कानबाईला हात जोडते. ती मात्र कुणाच्याच मोजणीत नाही. इथले तिला 'मूळची कुठली' विचारतात आणि तिथे तिच्या नावाचा दाणाही नाही. अमळनेरच्या पोरीनं नेमकं हेच मांडलं, आणि ते मला इतकी वर्षं घरात बोलता आलं नव्हतं.

काकू, यंदा गहू घेशील तेव्हा हिचीही मूठ घाल. भाऊबंदांना चालत नसेल, तर माझ्यातली अर्धी तिच्या नावानं घे.