'फाउस्ट' मेट्रोत का बसला?

नमस्कार. दिग्दर्शक टोबियास क्रात्झरने 2021 मध्ये पॅरिस ऑपेरासाठी बसवलेल्या 'फाउस्ट'वर, म्हणजे तारुण्यासाठी सैतानाशी करार करणाऱ्या म्हाताऱ्या पंडिताच्या ऑपेरावर, मी भरभरून लिहिलं, ते तुम्हाला पटलं नाही. फाउस्ट आणि सैतान पॅरिसवरून उडतात काय, फाउस्टची प्रेयसी मार्गरीट चर्चऐवजी मेट्रोत बसते काय! 'संगीतकार गुनोचा ऑपेरा मूळ आहे तसा दाखवा की,' असं तुम्ही म्हणता.

पण मूळ म्हणजे कोणता? 1859 साली पॅरिसच्या तेआत्र लिरिक या नाट्यगृहात हा ऑपेरा पहिल्यांदा झाला तेव्हा गाण्यांच्या मधे चक्क गद्य संवाद होते. ते पुढे गुनोनेच सुरांत बांधले. बॅले नृत्य त्यात आलं 1869 मध्ये. आज आपण परंपरा म्हणतो, ती या बदलांतूनच घडली.

शिवाय हा ऑपेरा वास्तववादी कधी होता? खानावळीच्या पाटीवरच्या बॅकस या मद्यदेवातून मेफिस्टोफेलिस, म्हणजे सैतान, दारू काढतो, मार्गरीटचा भाऊ व्हालेंतीन याची तलवार मोडून पडते, तिच्यावर प्रेम करणाऱ्या सीबेलच्या हातात फुलं कोमेजतात. हे सगळं संहितेतलंच आहे. मात्र रंगवलेल्या पाटीतून आज दारू वाहू लागली, तर प्रेक्षक करामतीला दाद देईल, घाबरणार नाही. आणि सैतानाची भीतीच वाटली नाही, तर फाउस्टने धन, कीर्ती, सत्ता नाकारून फक्त तारुण्य मागितलं, त्या मागणीची किंमत कशी कळणार?

ती किंमत मार्गरीट मोजते, म्हणून चर्चचा प्रसंग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. फाउस्टने टाकलेली ही मुलगी देवाच्या दारी आसरा मागायला येते आणि तिथेच सैतान तिला नरकाची भीती घालतो. ऑर्गन वाजत असतो, लोक प्रार्थना करत असतात, तिच्या मदतीला मात्र कुणी येत नाही. क्रात्झरच्या मेट्रोतही तेच: धावत्या गाडीतून उतरता येत नाही, भोवती माणसं असून कुणाला हाक मारता येत नाही. गुनोच्या सुरांतली कोंडी मला त्या डब्यात जास्त जाणवली. चर्चच्या भव्य कमानींखाली माझं लक्ष नेपथ्याकडेच जातं.

दृश्यं संगीतावर कुरघोडी करतात, हा तुमचा मुद्दा मात्र एका ठिकाणी मला पूर्ण मान्य आहे: शेवटचं त्रिकूट, म्हणजे मार्गरीट, फाउस्ट आणि सैतान या तिघांचं एकत्र गाणं. मार्गरीट देवदूतांना हाक मारते, तीच चाल तीनदा येते आणि दर वेळी एक स्वर वर चढते. तिथे आधुनिक असो वा पारंपरिक, कोणत्याही दिग्दर्शकाने रंगमंचावर काहीही हलवू नये.