शिंपल्याचं भोक कुणी पाडलं?

गेले पंधरा दिवस सांगलीत आमच्या सोसायटीच्या, नातेवाइकांच्या आणि भिशीच्याही ग्रुपवर एकच मेसेज फिरतोय. टोकाशी गोल भोक असलेल्या शिंपल्याचा फोटो आणि खाली मजकूर: हे भोक समुद्रदेवता स्वतः पाडते, असा शिंपला बाळाच्या गळ्यात बांधला की दात विनात्रास येतात, तो रात्रभर भिजवून पाणी पाजलं की कॅल्शियम मिळतं, आणि हरिपूरच्या संगमावरही शिंपले सापडतात, म्हणजे पूर्वी इथे समुद्र होता. परवा खालच्या मजल्यावरच्या पाच महिन्यांच्या बाळाच्या गळ्यात काळ्या दोऱ्यात ओवलेला तसाच शिंपला पाहिला आणि राहवेना. मी बारावीला जीवशास्त्र शिकवते. गुहागर-गणपतीपुळ्याला वेचलेल्या शिंपल्यांची बरणी घरात आहे, ती समोर ओतूनच लिहायला बसले आहे.

आधी भोकाचं बघू. लाटांनी आणि वाळूनं शिंपला झिजतो, हे खरंच. पण झिजून पडलेलं भोक वेडंवाकडं असतं, त्याच्या कडा पातळ आणि फाटक्या असतात. मेसेजमधल्या फोटोतलं भोक तसं नाही. माझ्या बरणीतली अशीच एक तिसरी (म्हणजे दोन झडपांचा छोटा शिंपला) भिंगाखाली धरली, तर भोक बाहेरून रुंद आणि आत निमुळतं होत गेलेलं दिसतं, सुबक वाटीसारखं. स्क्रूचं डोकं लाकडात बसावं म्हणून सुतार भोकाचं तोंड रुंद करून घेतो ना, अगदी तसं. असं भोक लाटेला जमत नाही. हे शिकाऱ्याचं काम आहे.

शिकारी म्हणजे नॅटिका कुळातली समुद्री गोगलगाय. आपल्या पश्चिम किनाऱ्यावरची नॅटिका टायग्रिना घ्या. शंख बोराएवढा, गुळगुळीत, फिक्या अंगावर तपकिरी ठिपके. दिसायला इतका गोजिरा की मुलं तोच आधी उचलतात. ही बाई वाळूच्या आत राहते. आपल्या रुंद मांसल पायानं वाळू नांगरत पुढे सरकते आणि तिसरी हाती लागली की तिला त्याच पायात गुंडाळून धरते. मग सोंडेच्या टोकाशी असलेल्या ग्रंथीतून आम्ल आणि इतर द्रव्यं सोडून कवच मऊ करायचं, कानशीसारख्या दातेरी जिभेनं ते खरवडायचं, पुन्हा द्रव सोडायचा, पुन्हा खरवडायचं. हे तासन्‌तास चालतं. कवच जाड असेल तर दोन-तीन दिवससुद्धा. भोक आरपार गेलं की सोंड आत घालून आतला जीव खायचा. भोक बऱ्याचदा बिजागरीजवळच सापडतं, कारण शिकार धरण्याची तिची पद्धत ठरलेली असते. ती आपल्याच जातीच्या शंखांनाही भोकं पाडते. अशी भोकं असलेले क्रिटेशस काळातले, म्हणजे डायनासोरांच्या जमान्यातले जीवाश्म मिळाले आहेत. कुणी कुणाला खाल्लं याचा इतका जुना पुरावा आपल्या तळहातावर मावतो, याचं मला दर वेळी नवल वाटतं.

याच मेसेजची एक लांबलेली आवृत्ती आहे. तिच्यात 'शंखातला जीव सात्त्विक, फक्त शेवाळ खातो' असं लिहिलंय. नॅटिकाचं वर सांगितलंच. पण देवघरातला शंख ज्या टर्बिनेला पायरम या गोगलगायीचा असतो, तीसुद्धा समुद्रतळातले किडे खाते. माझ्या घरी तो शंख रोज पूजेत असतो आणि हे कळल्यानं त्याचा मान तसूभरही कमी झालेला नाही.

आता कॅल्शियम. शिंपला कॅल्शियम कार्बोनेटचा असतो, इथपर्यंत मेसेज बरोबर आहे. पण ते साध्या पाण्यात जवळजवळ विरघळतच नाही. त्यावर लिंबू पिळून बघा, लगेच बुडबुडे येतील. आम्लात विरघळतं, म्हणून तर नॅटिकाला भोक पाडता येतं. रात्रभर भिजवलेल्या पाण्यातून बाळाला कॅल्शियम मिळणार नाही. मिळाली तर मेलेल्या जिवाच्या कवचाला चिकटलेली घाण मिळेल. सहा महिन्यांपर्यंत बाळाला आईच्या दुधाशिवाय काही, अगदी साधं पाणीही द्यायचं नसतं.

दात तर साधारण सहाव्या महिन्यापासून आपले आपण येऊ लागतात. शिंपला बांधला त्याच सुमारास ते आले, तर श्रेय शिंपल्याला मिळतं. गळ्यातला दोरा मात्र खरंच घातक आहे. झोपेत तो आवळला जाऊ शकतो. या वयात मूल हाताला लागेल ते तोंडात घालतं, आणि शिंपल्याचा तुकडा निघून घशात अडकला तर धावपळीला वेळही मिळत नाही. पूर्ण मेसेजमध्ये मला सगळ्यांत जास्त राग याच ओळीचा आला.

हरिपूरचं थोडक्यात सांगते. कृष्णा-वारणेच्या संगमावर शिंपले मिळतात, पण ते गोड्या पाण्यातले. आतून मोत्यासारखे चमकतात, आणि ते नदीतच जन्मतात, नदीतच मरतात. आपल्या पायाखालचा काळा पाषाण सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा आहे, समुद्राच्या गाळाचा नाही. नॅटिका गोड्या पाण्यात राहत नाही. घाटावर वाटीसारख्या भोकाचा समुद्री शिंपला दिसलाच, तर तो कुणाच्या तरी माळेतून किंवा निर्माल्यातून आलेला असणार.

काल संध्याकाळी मी खाली गेले, बाळाच्या आजींना भिंग दिलं आणि बरणीतल्या दोन तिसऱ्या शेजारी शेजारी ठेवल्या. एकीचं भोक आरपार. दुसरीचं अर्धवट, तळाशी मधोमध बारीकसा उंचवटा राहिलेला. आजींनी बराच वेळ निरखून विचारलं, "म्हणजे ही वाचली होय?" म्हटलं, "हो काकू, त्या वेळी तरी वाचली." त्यांनी बाळाच्या गळ्यातला दोरा सोडला आणि शिंपला माझ्या बरणीत टाकला.